नाव बाग, अंदर कापूस

‘बागेत जातो वं,’ खुंटीवरचा विळा काढत आई म्हणाल्या, आणि मी चुलीपुढूनच ओरडले, ‘वावर, आई, वावर!’ त्या हसल्या. ‘आता कोनतं कोर्ट राह्यलं, पोरी?’ ... तेवढंच आमचं शेवटचं बोलणं. दुपारी धुऱ्यावर, म्हणजे बांधावर, बोरीखाली पाणी प्यायला बसल्या आणि बसल्या बसल्याच गेल्या. गिरजाबाई, माझ्या सासूबाई. महिना उलटला. केळापूरकडची माणसं अजून भेटायला येतात, रडायला बसतात, आणि कोणीतरी ती कोर्टाची गोष्ट काढतं की रडता रडता सगळ्यांना हसू फुटतं. ती गोष्ट सांगितल्याशिवाय मला राहवतच नाही!

विदर्भ मुंबई राज्यात गेला त्या साली मी या घरात सून होऊन आले. सासरे नुकतेच वारले होते. त्यांच्या वाटणीचं एकच वावर, तेही ते गेल्यावर त्यांच्या थोरल्या भावानं, म्हणजे आईंच्या भासऱ्यांनी दाबलेलं. ते परत मिळावं म्हणून आईंनी पांढरकवड्याच्या कोर्टात दावा टाकला. आमच्या वकिलांनी शेतसाऱ्याच्या पटीत वावराची किंमत धरली आणि तेवढी कोर्ट फीची तिकिटं लावली. झालं! समोरचे वकील उठले, म्हणाले, हे शेत नाही, बाग आहे. बागेला बाजारभाव धरावा लागतो, फी त्यावर घ्या. आता गंमत अशी, की आजेसासऱ्यांनी तिथं कधीकाळी संत्री लावली होती. झाडं केव्हाच वाळली, नाव तेवढं उरलं. सासऱ्यांच्या काळात कापूस वेचायला जायचं तरी ‘बागेत’ आणि तूर सोंगायलाही ‘बागेत’! अख्खं गाव बागच म्हणे. बाजारभावानं फी भरायची तर घरातली भांडीसुद्धा पुरली नसती. आणि नाही भरली तर दावा तिथंच खारीज, वावर गेलं ते गेलंच.

जजसाहेबांनी ठरवलं, आधी शेत की बाग ते पाहू, बाईंची साक्ष घ्या. वकिलांनी आईंना बजावलं, ‘काकू, काहीही करा, पण तोंडातून बाग शब्द काढू नका.’ मग काय विचारता! घरात दिवसभर तालीम. आईंनी ‘बा’ म्हटलं की मी ओरडायचं, वावर! मी नवी सून, आणि सासूला टोकायचं काम माझ्याकडे! आई वैतागायच्या. ‘जीभच मेली वळत नाई, तं मी काय करू?’ मला नवल वाटे. कारण याच बाईनं लग्न झाल्यापासून एक शब्द कधी उच्चारला नव्हता. भासऱ्यांचं नाव दयाराम. थोरल्या दिराचं नाव घ्यायचं नाही, म्हणून आई भजनातसुद्धा ‘देवा, दया कर’ असं न म्हणता ‘देवा, माया कर’ म्हणायच्या. (मी इथं ते नाव बेधडक लिहिते आहे, ती हिंमतही त्यांचीच.)

साक्षीच्या दिवशी आई पिंजऱ्यात उभ्या राहिल्या. डोक्यावर पदर, कारण समोर भासरे बसलेले. समोरच्या वकिलांनी शेताचं काही विचारलंच नाही. मोठ्या गोड आवाजात म्हणाले, ‘बाई, तुमचे मालक वारले, त्या दिवशी कुठून आले होते हो?’ आईंचे डोळे भरले. ‘बागेतून आलते, साहेब... अंगात ताप घेऊन.’

मेलो आम्ही! समोरचे वकील तर हसत हसत खालीच बसले. आमच्या वकिलांनी कपाळाला हात लावला. जजसाहेबांनी विचारलं, ‘बाई, बागेत काय काय होतं?’

‘कापूस, तूर, अन् धुऱ्यावर एक बोर.’

‘मग तिला बाग काहून म्हणता?’

मी डोळे मिटून घेतले. आणि मग, काय सांगू तुम्हाला, त्यांचा आवाज असा खणखणीत आला! ‘साहेब, माह्या भासऱ्याचं नाव दयाराम हाये. गावात इचारा, नावापरमानं काई सापडते काय! तसंच ह्या वावराचं. नाव बाग, अन् अंदर कापूस!’

कोर्टात हशा पिकला. पट्टेवाला तोंडावर हात धरून बाहेर पळाला. जजसाहेबांनी कसंबसं हसू आवरून समोरच्या वकिलांना विचारलं, संत्र्याचं एक तरी झाड दाखवता का? त्यांनी भासऱ्यांकडे पाहिलं, भासऱ्यांनी छताकडे. शेत ठरलं, फी बरोबर ठरली, दावा पुढे चालला आणि वावर आमचं झालं! पण त्या दिवशी कोर्टाच्या पायऱ्या उतरताना आईंनी माझा हात घट्ट धरला. ‘पोरी, नाव घेतलं वं म्या त्यायचं...’ घरी येऊन देवापुढे बसल्या आणि पहिल्यांदा नीट म्हणाल्या, ‘देवा, दया कर.’ मी त्यांच्या गळ्यात पडून रडले, आणि आम्ही दोघी कितीतरी वेळ हसलो.

मी स्वतः मात्र कधी बाग म्हटलं नाही. टोकणारीनं कसं म्हणायचं? परवा पहिल्यांदा एकटी निघाले. खुंटीवरचा त्यांचा विळा काढला, उंबऱ्यात थांबले, आणि तोंडातून आपोआप निघालं, ‘बागेत जातो वं...’

आतून माझी चिमुरडी ओरडली, ‘वावर, आई, वावर!’

विळा हातात तसाच राहिला. ‘आता कोनतं कोर्ट राह्यलं, पोरी?’ मी म्हणाले, आणि डोळे पुशीत बागेच्या वाटेला लागले.