सारवलेलं रिंगण

परवा सोलापूरहून येताना नळदुर्गच्या एका ढाब्यावर चहाला थांबलो. शेजारी उभ्या ट्रकमधून तेल सांडलं होतं आणि क्लीनर त्यावर घमेल्यानं वाळू टाकत होता. नात म्हणाली, "आज्जी, नाकाला पदर लावा, लई वास मारतोय." मी पदर तर लावला नाहीच, उलट खुर्ची जरा तिकडंच ओढून घेतली. उन्हानं तापलेली वाळू आणि जळकं तेल. पंधराव्या वर्षी हा वास मी माझ्या नवऱ्याचा म्हणून ओळखायची. माझ्या बरोबरीच्या पोरींच्या नवऱ्यांना बैलाचा, कडब्याचा, तंबाखूचा वास असे; माझ्याच वाट्याला मोटारीचा आला होता, आणि तोही जन्मात मोटार नसलेल्या माणसाच्या अंगाला.

आमचे हे गोल्फ खेळत, आणि तेही हौसेनं नव्हे, पोटासाठी. निजामाच्या राज्यात, लढाईच्या त्या टंचाईच्या वर्षांत, नळदुर्गात असा एक माणूस होता हे आज सांगितलं तर लोक माझ्या वयाकडं बघून मान डोलावतात. सोलापूरला साहेब लोकांच्या काठ्यांची पिशवी वाहता वाहता हे तो खेळ शिकले. दिवाळी सरली की यांचा हंगाम सुरू व्हायचा. सोलापूर, गुलबर्गा, बोलारम अशी जिथं जिथं साहेबांची मैदानं असत, तिथं यांच्यासारख्या पगारी खेळाडूंचे सामने व्हायचे, ते थेट शिवरात्रीपर्यंत. सोबतीला आमच्याच गल्लीतले एक चाचा असत. वयानं वडिलांसारखे, खेळात यांचे उस्ताद. चारशे पावलांवरून चेंडू मारत मारत आणायचा आणि शेवटी पेल्याएवढ्या भोकात घालायचा, असं यांनी मला लग्नानंतर पहिल्याच आठवड्यात मोठ्या प्रेमानं समजावून सांगितलं. मी म्हणाले, "मग हातानंच का न्हाय टाकत?" दोन दिवस बोलणं बंद होतं.

त्या वर्षीच्या हंगामाला मात्र वजन होतं. हैदराबादकडच्या एका क्लबाला शिकवणारा उस्ताद पाहिजे होता. हंगामात जो सरस ठरेल त्याला बारमाही काम आणि राहायला दोन खोल्या. नाहीतर सासऱ्यांची कोरडवाहू जमीन होतीच वाट बघत. सासूबाई दिव्यात वात घालताना रोज पुटपुटायच्या, "जमू दे बाई पोराचं." आणि मी? मला हैदराबाद म्हणजे फक्त एवढंच कळायचं, की तिथून माहेरच्या सास्तूरला बैलगाडीनं जाता येत नाही.

आपल्याकडं हिरवळ कुठली? मैदानात जिथं भोक असे, तिथं चाळलेली वाळू जळक्या तेलात कालवून गोल पसरत, म्हणजे ती वाऱ्यानं उडत नसे. तसंच एक रिंगण यांनी सरावासाठी परसात केलं होतं. काळं कुळकुळीत, मध्ये भोक. शेजारणी लेकरांना कडेवर घेऊन लांबून जायच्या. एक तर सासूबाईंना तोंडावर म्हणाली, "वैनी, ही करणी कुणावर म्हणायची?" सासूबाई घरात येऊन रडल्या. झालं! घराण्याची अब्रू वाचवायला मी कंबर कसली. चाचांबरोबर हे आठ दिवस सोलापूरला गेलेले बघून मी ती वाळू खोऱ्यानं उपसून उकिरड्यावर टाकली, पांढरी माती भरली, चोपली, शेणानं सारवली, गोट्यानं घोटली आणि भोवती रांगोळी काढली. भोक तेवढं ठेवलं, ते यांचं म्हणून. ते रिकामं बरं दिसेना, म्हणून त्यात झेंडूचं फूल खोचलं. असं डोकं देव एका जन्मात एकालाच देतो.

हे परत आले आणि परसाच्या दारातच मटकन खाली बसले. लढाईपायी मोटारीच्या तेलाचा थेंब मिळत नव्हता, रिंगण पुन्हा होणार कसं? चाचा मात्र पोट धरून हसत होते. "अरे छोड ना रे! तेल तो अब्बी लश्कर पीरा. बच्ची इत्ती मेहनत करी, जरा खेल को तो देख!" यांनी रागारागानं फूल काढलं, चेंडू ठेवला आणि काठीनं नुसता टेकवला. काचेवरून मोती ओघळावा तसा तो गेला आणि भोकात पडला. दुसरा पडला. तिसराही. हे वळून माझ्याकडं बघून हसले. लग्नानंतर पहिल्यांदा.

त्या हसण्यानं घोटाळा केला. मी रोज पहाटे रिंगण सारवायला लागले, गोट्यानं असं घोटायची की त्यात आभाळ दिसावं. रोज चेंडू पडायचे, रोज हे हसायचे. एके दिवशी हे घरात नसताना चाचा परसाच्या भिंतीपाशी आले आणि हळू आवाजात म्हणाले, "बेटी, इत्ता चिकना नक्को कर. वहाँ रेती है, चेंडू अडता. इसका हात बिगड जाता." मी "हौ चाचा" म्हटलं. नीट समजून म्हटलं. आणि दुसऱ्या दिवशी पहाटे रोजच्यापेक्षा जास्त घोटलं.

का, हे मला विचारू नका, मीच विचारून दमले आहे. त्या हसण्याचा लोभ होता, असं मी बरीच वर्षं स्वतःला सांगत आले. छान वाटतं ऐकायला. पण कधी कधी वाटतं, त्या भोळसट पोरीनं बरोबर हिशेब केला होता. तिला हैदराबादच्या दोन खोल्या नको होत्या आणि सास्तूरची वाट हवी होती. मग वाटतं, छे, एवढी अक्कल तिला कुठली, जी भोकात झेंडू खोचते ती!

हंगामाचे सामने संपवून शिवरात्रीच्या आदल्या दिवशी दोघं परत आले. चाचांनीच सासूबाईंना सांगितलं, "हर बार हातभर पीछे. चेंडू वहीं रुक को रह जारा." काम दुसऱ्याला गेलं. यांनी पाय धुतले, काठ्या माळ्यावर ठेवल्या आणि दुसऱ्या दिवशी सासऱ्यांबरोबर शेतावर गेले. मी महिनाभर शिवीची वाट बघितली, शेवटी ती न आल्याचाच राग आला. पुढं ते राज्य गेलं, चाचा लेकाकडं परंड्याला गेले ते तिकडंच राहिले, आणि परसात आम्ही मिरच्या वाळवू लागलो.

चाळीसेक वर्षांनी, एका दुपारी, भुईमुगाच्या शेंगा फोडता फोडता माझ्या तोंडून निसटलं. "चाचांनी मला सांगितलं होतं, लई गुळगुळीत करू नको म्हणून. म्या तरी केलं."

हे शेंगा फोडतच राहिले. "मलाबी सांगितलं होतं," म्हणाले. "तिथं सराव करू नको म्हणाले होते."

"मग केला कशाला?"

"तू रोज सारवून ठेवायचीस की."

एवढं बोलून यांनी मूठभर दाणे माझ्या हातावर ठेवले. त्या बोलण्यात ठपका होता की लाड, हे मला तेव्हाही कळलं नाही. आमच्यापैकी कुणी कुणाला अडवलं, की दोघांनी मिळून एकमेकांना अडू दिलं? मी दाणे खाल्ले आणि पुढचं विचारायचं राहून गेलं. आता विचारायला हे नाहीत, चाचाही नाहीत. उरली ती पंधरा वर्षांची पोर. तिला खोदून विचारावं, तर ती गोटा हातात धरून माझ्याकडं बघत राहते आणि म्हणते, मला काय ठाऊक, तुम्ही मोठ्या, तुम्हीच सांगा.