धाकट्याचा दाखला

संघात जो सगळ्यात लहान, त्याने चेंडूंचं जाळीदार पोतं वाहायचं, असा त्या क्लबचा नियम होता. क्लबही असा, की उतरणीला लागलेलेच तिथे यायचे. त्यामुळे ते पोतं सहा वर्षं एकाच पाठीवर राहिलं. कागदावर त्या पाठीचं वय चोवीस. खरं वय एकतीस, आणि सकाळभर शीतगृहात खोकी उचलून ती आधीच मोडलेली असायची. "पोरगं दमलं रे!" म्हणून सगळे ओरडायचे, आणि ओरडणारे निम्मे त्याच्याहून लहान. तो हसायचा. करतो काय!

पंचविसाव्या वर्षी, खेळाडू परदेशी नेणाऱ्या एका दलालाने त्याचा फुटबॉल पाहिला, तोंडभरून कौतुक केलं आणि म्हणाला, "अठराचा असतास तर उद्याच नेला असता." घरात अठरा वर्षांपूर्वीचा जन्मदाखला होता, धाकट्या भावाचा. भाऊ आठव्या वर्षी तापाने गेला, दाखला मात्र आईच्या ट्रंकेत घडी करून राहिला. आईने तो काढून दिला. थोरला परदेशी निघाला तो धाकटा होऊन.

मग एक बाई कॅमेरा घेऊन आल्या. बाहेरून पोटासाठी आलेल्या खेळाडूंनी आपापली कहाणी सांगायची, असा त्यांचा माहितीपट. क्लबने होकार देऊन टाकला होता, नाही म्हणायची सोय नव्हती. त्याने प्रत्येक आठवणीतून सात वर्षं वजा करून सगळं घोटून पाठ केलं आणि एका दमात सांगितलं. बाई खूश झाल्या. माइक काढता काढता म्हणाल्या, "आता आमची माणसं तुमच्या आईंना भेटतील. परवाच."

नव्या हंगामाचा करार पुढच्याच महिन्यात व्हायचा होता. दाखला खोटा निघाला तर करार गेला, आणि करार गेला की मुक्कामाचा परवानाही गेला. त्याने तसाच घरी फोन लावला.

"आई, ते विचारतील मुलं किती. दोन म्हण. त्यातला थोरला तापाने गेला म्हण."

"थोरला म्हणजे तू."

"हो."

"आणि धाकटा?"

"तो इथे खेळतोय."

ती म्हणाली, "जिवंत मुलाबद्दल असं कुठल्या तोंडाने बोलू रे?"

"बोलल्याने काय होतंय, आई? कागदापुरतंच आहे."

माहितीपट क्लबच्या जेवणाच्या खोलीत दाखवला, भिंतीवर चादर लावून. पडद्यावर आई दिसली आणि त्याला आधी तिचे पांढरे केस दिसले. सहा वर्षांत सगळेच झाले होते. "थोरला गेला," ती म्हणाली. इथे थांबली असती तरी चाललं असतं. पण कसा होता, असं विचारल्यावर ती बोलतच सुटली. डाव्या पायाने खेळायचा. डावा बूट आधी फाटायचा, उजवा तसाच नवा राहायचा. खेळून आला की उंबऱ्यात बसूनच पाणी मागायचा. सगळं त्याचं स्वतःचं होतं, एकही गोष्ट धाकट्याची नव्हती. आणि मग ती रडली. ते रडणं त्याने ओळखलं. धाकट्याला नेलं त्या दिवशी ती अशीच रडली होती.

दिवे लागल्यावर प्रशिक्षकाने त्याला मिठी मारली. "भावासाठी खेळ, पोरा." करार झाला, एका वर्षाचा.

त्याने सही करून लगेच घरी कळवलं. फोन उचलताच आई म्हणाली, "बोल, धाकट्या."

तो तिच्या हसण्याची वाट पाहत राहिला. ती हसली नाही.

"आई, आता कोणी ऐकत नाहीये. मी आहे, थोरला."

"त्याचं नाव नको काढूस," ती शांतपणे म्हणाली. "सहा वर्षं दाराकडे बघत होते त्याच्यासाठी. त्या दिवशी एकदाचं रडून घेतलं. आता पुन्हा नाही व्हायचं माझ्याने." मग तिने विचारलं, "तू जेवलास का, बाळा?"

बाळा ती फक्त धाकट्याला म्हणायची.

"जेवलो," तो म्हणाला.