तपासणीपुरते आलेले डॉक्टर

हे सांगायचं मी अनेक वर्षं टाळलं. आजारातून उठलो, एवढंच लोकांना सांगत आलो. आता वय झालं आहे. उरलेलंही लिहून ठेवतो.

नव्वदच्या दशकात मी सुरतेत बँकेत होतो. तळपायांना मुंग्या आल्या, मग बँकेचा जिना चढवेना. सरकारी मेडिकल कॉलेजच्या रुग्णालयात (नाव मुद्दाम देत नाही) तरुण निवासी डॉक्टरने गुडघ्यावर हातोडी मारून पाहिली. पाय हलला नाही. तो म्हणाला, "गियाँ-बारे सिंड्रोम." म्हणजे शरीर आपल्याच नसांवर उलटतं आणि अशक्तपणा पायांतून वर चढत जातो. छातीपर्यंत पोचला तर व्हेंटिलेटर, म्हणजे श्वास देणारं यंत्र लागतं.

"इथे आहे ना?" मी विचारलं.

"एक आहे, बंद. त्यासाठीच तर आम्ही कोर्टात गेलोय."

मेडिकल कॉलेजात किमान जेवढे डॉक्टर आणि जेवढी यंत्रं हवीत, तेवढी सरकारने द्यावीत, असा त्या निवासी डॉक्टरांचा अर्ज होता. कोर्टाने पाहणीला समिती नेमली होती.

शेजारच्या खाटेवर सुरतेतल्याच उधन्याचा पंडित होता. मूळचा धुळ्याकडचा, कापडाच्या लूमवर, म्हणजे यंत्रमागावर कामाला. दोन्ही फुफ्फुसांत न्यूमोनिया. धाप लागलेली असतानाही मला म्हणायचा, "साहेब, लूम बंद पडनं ते मास्तर येस. तुमना पायले कोन येई?" मास्तर म्हणजे लूम दुरुस्त करणारा. त्याची बायको सखू त्याला दटावायची.

समिती येण्याच्या आदल्या दिवशी वॉर्डात दोन नवी यंत्रं आली, अनोळखी डॉक्टर आले. वॉर्डचे प्रमुख म्हणून उभे राहिलेले डॉक्टर आयाबाईंना बाथरूम कुठे आहे ते विचारत होते. मला समजायला हवं होतं. अधीक्षक माझ्या खाटेशी आले. "काका, तुम्हाला इंग्रजी येतं, समिती तुम्हालाच विचारेल. चांगलं बोला हां. कोर्टाचं समाधान झालं की मशीन कायमची इथेच."

मी घाबरलेलो होतो. हातांतलीही ताकद जात होती. विश्वास ठेवला.

त्याच संध्याकाळी सखूने विचारलं, "भाऊ, यास्ले आठेच ठेवू का खाजगीमा लई जाऊ? भाऊबंद गाडी आनतस."

"इथेच ठेवा. आता सगळं आलंय," मी म्हणालो. खरं सांगायचं तर शेजारची खाट रिकामी व्हावी, हेही मला नको होतं.

सकाळी समितीतल्या डॉक्टरांनी विचारलं, "हे डॉक्टर नेहमी येतात?"

"रोज. दोन वेळा," मी म्हणालो. 'दोन वेळा' मला कोणी शिकवलं नव्हतं. मागे उभ्या असलेल्या निवासी डॉक्टरने माझ्याकडे पाहिलं आणि मान खाली घातली.

दुसऱ्या दिवशी दुपारी यंत्रं परत टेम्पोत चढली. डॉक्टरही आपापल्या शहरांत गेले. अधीक्षकांना निरोप पाठवला, ते आले नाहीत. आम्हाला सजावटीसारखं वापरलं होतं, आणि मी त्यात बोलका होतो.

पंडितचा श्वास त्याच संध्याकाळी कोसळला. आता हलवणं शक्य नव्हतं. निवासी डॉक्टरने नळी घातली आणि सखूच्या हातात अँबू बॅग दिली. हा रबरी फुगा हाताने दाबत राहायचा, की फुफ्फुसात हवा जाते. डॉक्टर दुसऱ्या रुग्णाकडे धावला की ती दाबायची. तिने एकदा माझ्याकडे पाहिलं. माझ्या बोटांत तो फुगा दाबण्याइतकी ताकद नव्हती.

दिवस उजाडल्यावर डॉक्टरने तिचा हात धरून थांबवला.

माझा अशक्तपणा छातीच्या अलीकडेच थांबला. कशामुळे, कोणीच सांगू शकलं नाही. पुढे व्यायामाने चालू लागलो. कोर्टात समितीचा अहवाल समाधानकारक ठरला आणि अर्ज निकाली निघाला.

कोणावर अशी वेळ आली तर एवढंच सांगतो. पायांच्या मुंग्या वर चढू लागल्या तर थांबू नका. आणि यंत्र दाखवलं तर ते उद्याही इथे असेल का, हे विचारा.

काठी घेऊन चालता आलं तेव्हा उधन्याला गेलो. सखूने खाटेवर चादर घातली, चहा ठेवला, शेजारणीला हाक मारून सांगितलं, "हाऊ भाऊ दवाखानामा मना धीर व्हता." शेजारणीने मला हात जोडले.

मी चहा पीत राहिलो. तिचा मुलगा कितवीत आहे ते विचारलं. ती म्हणाली, चौथीत. मी म्हणालो, शाळा सोडवू नका. मग "येतो" म्हणून उठलो.