डेल्फीनचा उशिराचा नकार

गप्प बसलेल्या माणसाचं मत "हो" धरायचं, हे तुम्हाला कुणी शिकवलं?

व्हरमाँटमधल्या नॉर्थ हॅस्केल गावाला ते शिकवावं लागलं नाही. दर मार्चमध्ये गाव वार्षिक सभेसाठी शाळेच्या व्यायामशाळेत जमतं, बायका मांडीवर विणकाम घेतात आणि "हो", "नाही" ओरडून ठराव पास होतात. ज्याचा गळा मोठा त्याची लोकशाही. वर छाती फुगवून सांगतात, अशी अस्सल लोकशाही जगात कुठे नाही!

डेल्फीन रशलो नदीकाठी, चाकांवरच्या स्वस्त घरांच्या ट्रेलरवस्तीत राहते, दुसऱ्यांच्या गायींच्या धारा काढते. तिला जडलंय विलंबश्रवण. कान ठणठणीत, पण कानात शिरलेलं तिला ऐकू येईपर्यंत कपभर कॉफी पिऊन होते. डॉक्टर म्हणाला, "याला औषध नाही." तेसुद्धा तिला बाहेर गाडीत बसल्यावर ऐकू आलं.

गेल्या वर्षी वस्तीवरचे दिवे काढायचा ठराव आला. डेल्फीन जीव तोडून "नाही!" ओरडली, तोवर दिव्यांचा ठराव पास होऊन गाव सभेच्या जेवणाला बीन्स शिजवणाऱ्या बायकांचे आभार मानत होतं.

"काय गं डेल्फीन, बीन्स कच्चे राहिले होते का?" कुणीतरी विचारलं.

सगळे खो खो हसले. दिवे गेले.

यंदा पाळी वस्तीच्या विहिरीवरच्या पंपाची. तो बंद झाला की डेल्फीनचा नळ कोरडा. पण गावाने सोयीने विसरलेला एक नियम तिने शोधून काढला होता: सात जणांनी हात वर केले, की ओरडणं बंद आणि चिठ्ठ्या टाकून मतदान. चिठ्ठीला कान लागत नाहीत. म्हणून बाई सभेच्या आधीच हात वर करून उभी.

"अगं, अजून झेंड्याची शपथ व्हायचीय!" अध्यक्ष मर्ल थिबोडो करवादला. "बस खाली!"

त्याचं संपायच्या आतच ती म्हणाली, "मर्ल, पंपावर चिठ्ठ्या हव्यात. तू काय बोलतोयस ते मला मागाहून कळेल. शिवी असली तर तेव्हा चिडेन."

वस्तीतले हात वर आले. बाकीच्यांच्या माना विणकामात.

"पाणी त्यांचं जातंय, आपल्याला काय?" कुणीतरी पुटपुटलं.

मर्लने मोजलं. डेल्फीनचा धरून सहा.

"एक कमी!" तो खुशीत म्हणाला आणि त्याने हातोडी उचलली.

डेल्फीनला अजून यातलं काही ऐकू आलेलं नाही. ती तशीच उभी आहे. आणि तुम्ही, मागच्या बाकावरचे, सगळं वेळेवर ऐकलंत ना? मग हातोडी पडायच्या आत हात वर करा.