चंद्रावर जाताना वन्समोअर

हरिहर त्र्यंबक मोडक. वय एक्केचाळीस. वर्ण निमगोरा. नोकरी सचिवालयात, आवक-जावक विभाग. राहणार डोंबिवली. ओळखीची खूण: दोन्ही तळहातांवर दोराचे वळ. विशेष: गायक-नट, चंद्रावर तीनदा जाऊन आलेले.

रशियानं स्पुटनिक सोडला, त्याच्या पुढच्या गणपतीत आमच्या मंडळानं 'संगीत चंद्रस्वारी' बसवली. प्रवासी अर्थात मोडक. ते अठराव्या वर्षापासून गात होते, आणि आयुष्यात एक तरी वन्समोअर मिळावा, एवढीच त्यांची इच्छा होती. "तुम्ही गायला लागलात की शेजारीण दूध बघायला उठते," असं त्यांच्या पत्नी मंदाकिनीवहिनी म्हणत.

रॉकेट बांबूचं, वरून चांदीचा कागद. ते कप्पीवरून ओढायला मिठागरावरचा काळुराम. मोडक आत बसले, निरोपाचं पद सुरू झालं, रॉकेट हललं, चार फूट वर गेलं. मंडप ओरडला, "वन्समोअर!"

मोडकांच्या डोळ्यांत पाणी आलं. रॉकेट पृथ्वीवर परत आलं. पुन्हा पद, पुन्हा उड्डाण, पुन्हा "वन्समोअर!"

विंगेतून काळुराम हळूच म्हणाला, "मोडकसाहेब, आता पुरं का?"

"ओढ रे," मोडक पुटपुटले. "रसिकांची इच्छा आहे."

प्रयोग संपल्यावर रंग न पुसताच ते प्रेक्षकांत आले. पहिल्या रांगेत काळुरामची बायको ठमाबाई बसली होती.

"काय ठमाबाई, कुठलं कडवं आवडलं?"

"कडवं कंचं?" ती म्हणाली. "आमी त त्या उरनखटोल्याला वरडत व्हतो. येवरा मानूस आमच्या मालकानं उचलला! पन तीनदा कशाला वो? हात बघा त्याचं."

काळुराम मागं उभा होता. त्यानं हात पंच्यात गुंडाळले होते आणि तो ते दाखवायला तयार नव्हता. "गानं पन चांगलं व्हतं," तो म्हणाला. मोडकांना हे सर्वांत जास्त लागलं. त्यांनी मान खाली घातली, आणि गालांवरचा रंग होता म्हणून बरं.

दुसरा प्रयोग शनिवारी कल्याणला होता. मोडकांनी आपला पोशाख मंडळातल्या मधूला दिला. "घसा बसलाय," म्हणाले. काळुरामला त्यांनी पहिल्या रांगेत, ठमाबाईशेजारी बसवलं आणि स्वतः दोर धरला. मधू काही हलका नव्हता. सचिवालयाचे हात सोलून निघाले.

रॉकेट चार फूट वर गेलं. वन्समोअर आला नाही.