पापडावरचं बोलणं

अंगणात पापड लाटायला बसलं की मी अशा थापा मारते, की उडदाच्या लाट्यासुद्धा कान देऊन ऐकतात. धावती एसटी मी एका हाताने मागे ओढली होती, ते याच अंगणात सांगितलं. पण इथला एक नियम आहे. पापडावर बोललेलं पापडासोबतच वाळतं, उंबऱ्याबाहेर जात नाही.

माझा भाचा पुण्याला सिनेमा शिकतो. मागच्या उन्हाळ्यात त्याने आमचे लाटणारे हात टिपले. ते आम्हाला माहीत होतं. देवळीत दिव्यामागे त्याचा दुसरा मोबाइल ऐकत बसला होता, ते माहीत नव्हतं.

त्याच दिवशी माझी धाकटी जाऊ म्हणाली, "माहेरी अमडापूरले निघालो का नांदुऱ्याले मी पुढची गाडी मुद्दाम सोडतो. टेसनावर बसतो, चहा पेतो, रेल्वे पाहातो. तासभर मले कोनी काही इचारत नाही."

भाच्याने सिनेमा मंदिराच्या सभामंडपात चादर बांधून दाखवला. हात दिसत होते, आवाज जावेचा होता, तेच टेसनाचं बोलणं. आमचं गाव हंबरण्यावरून म्हैस ओळखतं. बाई ओळखणार नाही? पुढच्याच ओळीत दीर, म्हणजे तिचा नवरा.

मी ताडकन उठले. "तो आवाज माह्या हाय!"

दीर हसला नाही. "वहिनी, तुम्ही टेसनावर गेल्या असत्या त इंजिन पळवून आनलं असतं. नुसता चहा पिऊन वापस नसत्या आल्या."

जन्मभर खोटं बोलले. कामाचं एकच बोलले, तेच खपलं नाही.

भाचा म्हणाला, "मावशी, चेहरा नाही, नाव नाही. प्रायोगिक आहे ते." पुण्यात टाळ्या पडल्या म्हणे. ते स्टेशन कशाचं प्रतीक, असंही कुणी विचारलं. प्रतीक! सिमेंटचा बाक आहे, बाप्पा.

दीर तिला एक शब्द बोलला नाही. आता स्वतःच मोटारसायकलवर अमडापूरच्या दारात सोडतो, दारातून घेऊन येतो. बायका म्हणतात, नवरा असावा त असा.

यंदा पापडाला ती आली. आधी देवळीत हात फिरवून पाहिला, मग पोळपाट ओढलं. नांदुऱ्याला मी पदर बांधून रेल्वे कशी रोखली, ते सांगितलं. सगळ्या खदखदून हसल्या. ती दिवसभरात एवढंच बोलली, "बाई, तेल सरकवा इकडं."