परीक्षेच्या फायलीचा पासवर्ड

नोएडाच्या एका सेक्टरमध्ये, मार्केटच्या दुसऱ्या मजल्यावरच्या एका खाजगी क्लासमध्ये मी नेटवर्किंग शिकवायचो. पुण्याहून येऊन दीड वर्ष झालं होतं. खरे राउटर विकत घ्यायची मालकांची तयारी नव्हती, म्हणून सगळं सिम्युलेटरवर चालायचं. पडद्यावरच राउटर मांडायचे, केबली जोडायच्या, कमांड द्यायच्या. जोडणी जमली की लाल ठिपका हिरवा व्हायचा. परीक्षेची फाइलही त्यातच बनायची, आणि तिच्या पोटात अख्खं उत्तर असायचं. म्हणून तिला पासवर्ड घालावा लागे.

ते काम माझं. दिल्लीत कुणाला सुचणार नाहीत असे मराठी शब्द मी निवडायचो. त्या खेपेला ठेवला होता ‘बावळट’.

लॅब सांभाळणारे माझे एक सहकारी मथुरेचे होते, माझ्याहून दहा वर्षांनी मोठे. पासवर्ड त्यांनाही ठाऊक नसायचा. पण लॅबच्या किल्ल्या त्यांच्याकडे, त्यामुळे मुलांना वाटायचं की सगळं त्यांच्याच हातात आहे.

परीक्षा शनिवारी होती. त्यात पास होणाऱ्यांना गुडगावची एक कंपनी लगेच घेणार होती. गुरुवारी दुपारी जेवायच्या सुट्टीत लॅबमध्ये आम्ही दोघंच होतो. आमचा एक विद्यार्थी दोन मित्रांना घेऊन आत आला. पंचविशीचा, धिप्पाड, दोनदा नापास झालेला. रोज वाकून पाया पडायचा. त्या दिवशी त्याने दाराला आतून कडी घातली.

"सरजी, फाइल खोल दो," तो सहकाऱ्यांना म्हणाला.

"मुझे पासवर्ड नहीं मालूम, बेटा."

एका मित्राने सोबत आणलेली हॉकी स्टिक उचलून शेजारचा मॉनिटर फोडला. काचा माझ्या बुटांवर पडल्या. दुसऱ्याने मला भिंतीशी दाबून धरलं. विद्यार्थ्याने सहकाऱ्यांची कॉलर धरून त्यांना खुर्चीवरून खाली ओढलं आणि ती हॉकी हातात घेतली.

पहिला फटका खांद्यावर बसला. दुसरा पाठीवर. "नहीं मालूम," ते म्हणत राहिले. तिसऱ्याला त्यांनी डोकं वाचवायला मान वळवली आणि तो डाव्या कानावर बसला. ओली फांदी मोडल्यासारखा आवाज आला. कानातून रक्त कॉलरवर उतरलं.

मी गप्प होतो. परीक्षेची इभ्रत वगैरे काही माझ्या मनात नव्हतं. तोंड उघडलं तर ते माझ्याकडे वळतील, एवढंच कळत होतं. ‘याला माहीत आहे’ असं सहकाऱ्यांनी एकदाही म्हटलं नाही. हॉकी चौथ्यांदा वर गेली तेव्हा मी ओरडलो, "बावळट!"

विद्यार्थी माझ्याकडे वळला. "गाली देता है?"

"पासवर्ड है! मराठी शब्द है!"

"मतलब क्या है इसका?"

भीतीने माझ्या तोंडून खरं तेच निघालं. "बेवकूफ."

हॉकी माझ्या उजव्या मनगटावर आली. डोळ्यांपुढे अंधारी आली. मग मला मानेला धरून खुर्चीत बसवलं, आणि मी डाव्या हाताने एकेक अक्षर टाइप केलं. फाइल उघडली. पेनड्राइव्हवर उत्तरं घेऊन ते कडी काढून जिन्याने उतरले, धावलेसुद्धा नाहीत.

हॉस्पिटलमध्ये मालक आमच्या आधी पोचले होते. माझ्या कानाशी लागून म्हणाले, "जीने से गिरे हैं, यही लिखवाइए. बात बढ़ानी नहीं है." डॉक्टरांनी विचारलं तेव्हा स्ट्रेचरवरून सहकारी माझ्याकडे बघत होते. मी सांगितलं, "हॉकी से मारा है," आणि तिघांपैकी मला माहीत होतं ते नावही सांगितलं. डॉक्टरांनी पोलिसांना बोलावलं.

परीक्षा रद्द झाली. विद्यार्थ्याला अटक झाली, काही दिवसांत जामिनावर सुटला. महिन्याभरात मालकांनी मला काढलं. घरी बायको एवढंच म्हणाली, "बरं झालं. आता निदान जिवंत घरी येशील."

मनगटाचं प्लास्टर निघाल्यावर मी सहकाऱ्यांच्या घरी गेलो. ते बाल्कनीत बसले होते. मी शेजारची खुर्ची ओढली आणि रस्त्याकडे बघत सगळं सांगून टाकलं. पहिल्या फटक्यालाच मी बोलू शकलो असतो, तीन फटके मी नुसते बघितले, तुमचा कान माझ्यामुळे गेला. त्यांनी हूं की चूं केलं नाही. मी वळून बघितलं, तर ते समोरच्या छतावरच्या कबुतरांकडे बघत होते. मी त्यांच्या डावीकडे बसलो होतो.

मग उठलो, उजवीकडे जाऊन बसलो आणि सगळं पुन्हा पहिल्यापासून सांगितलं. दुसऱ्यांदा ते फार जड गेलं.

"मालूम है," ते म्हणाले. "मैं आप ही को देख रहा था."

"फिर आपने मेरा नाम क्यों नहीं लिया?"

"पता नहीं, यार. उस वक़्त सूझा ही नहीं," ते म्हणाले, आणि आत वळून बायकोला दोन चहा करायला सांगितले.